करडानं दूध सोडेपर्यंत

वैशाखरे,
२० नोव्हेंबर १९९६

प्रिय ताई,

सप्रेम जयभीम.

काळूच्या टेंपोतून शेळी पाठवतोय. भेंडीच्या पोत्यांमध्ये बांधून आणली म्हणून काळू कुरकुरेल, त्याला चहा पाज म्हणजे गप्प बसेल. गाभण आहे. महिन्याभरात व्यायेल.

शेळी अर्धलीने दिली असं समज. भावाकडून फुकट घेतली असं तुला वाटायला नको आणि दाजींना बोलायला जागा नको. आपली रीत तुला ठाऊकच आहे. चारा-पाणी तुझं, दूध तुझं. करडानं दूध सोडलं की ते करडू माझं, पुढच्या वेताचं तुझं. दूध सासूबाईंना आणि मेघाला दे. काविळीतून उठल्यापासून मेघाची नुसती काडी झाली आहे, असं दाजी मुरबाडला भेटले तेव्हा म्हणाले. सहा वर्षांचं पोर असं दिसतं का?

शेळी कुठली म्हणून विचारशील, तर बाजारात एका धनगराकडून घेतली. डाव्या कानाला मोठं भोक आहे, ते त्यानं खुणेसाठी पाडलेलं. त्याची काळजी नको.

मी मजेत. घाटरस्त्यापासून आत आमच्या कंपनीचं शेळ्यांचं फार्म आहे, तिथंच राहायची खोली दिली आहे. मुंबईचे डॉक्टर येतात, बुटांवर प्लास्टिकच्या पिशव्या चढवून आत जातात. मी चारा टाकायचो आणि वजनं लिहायचो. हल्ली काम थोडं कमी आहे.

तुझा,
धम्मपाल

•

किन्हवली,
१८ जानेवारी १९९७

प्रिय धम्मा,

जयभीम. तुझी शेळी म्हणजे लक्ष्मी आहे असं शेजारच्या भागीरथीकाकू म्हणतात. मी म्हटलं, काकू, आमच्यात लक्ष्मी नाही, नुसती शेळीच आहे. तर म्हणतात, "मास्तरीनबाय, तुमी माना नायतर नका मानू, दूध तर पिताव ना?"

नाताळच्या दिवशी व्याली. एकच करडू, बकरी आहे, पांढरंशुभ्र. दूध इतकं की दोन वेळा काढून करडाला पुरून उरतं.

आता मोठी बातमी. सासूबाईंच्या पाठीला झोपून झोपून ज्या जखमा झाल्या होत्या, त्या भरल्या. शहापूरच्या डॉक्टरांनी तर संक्रांत काढतील की नाही अशी शंका घेतली होती. अर्धं अंग अजून लुळंच आहे, तिथं काही फरक नाही, पण जखमा अशा भरल्या की व्रणसुद्धा राहिला नाही. परवा मेघाचा गुडघा अंगणात चांगलाच फुटला. मी हळद लावून दिली. दुसऱ्या दिवशी बघते तर हळदीखाली काहीच नाही. मी पोरीला ओरडले, उगीच रडलीस म्हणून.

आणि हो, तुझ्या धनगरानं तुला बनवलं की तू मला बनवतोयस? शेळीच्या कानाला भोक कुठं आहे? उजवा कान पाहिला, डावा पाहिला. दोन्ही कान धडधाकट. दुसरीच शेळी टेंपोत चढवलीस काय रे वेंधळ्या?

तुझी ताई,
रत्नप्रभा

•

वैशाखरे,
४ फेब्रुवारी १९९७

ताई,

पत्र पोचलं. कानाचं पुन्हा नीट बघ. केसांखाली बोट फिरवून बघ आणि मला लगेच कळव.

दूध उकळूनच पीत जा. घराबाहेर कुणाला देऊ नकोस. आपल्याकडे ज्याच्या घरी तान्हं किंवा आजारी, त्याला शेळीचं दूध द्यायची पद्धत आहे आणि तू नाही म्हणणार नाहीस हे मला माहीत आहे, तरी सांगतो. काही कारण काढ. सासूबाईंना बरं वाटतंय तर आता त्यांनाही थोडं कमी केलं तर चालेल.

करडानं दूध सोडलं की लगेच कळव. मी स्वतः घेऊन जाईन.

धम्मपाल

•

किन्हवली,
२१ जून १९९८

धम्मा,

दीड वर्षात तुझी चार पत्रं आली आणि चारही पत्रांत एकच प्रश्न, करडानं दूध सोडलं का? आज त्याचं उत्तर देते. नाही सोडलं.

मला आधी वाटलं आपलंच काही चुकतंय. आई दूध देतेय तोवर पोर कशाला सोडेल? पण आमच्या शेळ्या रानात नेणारी हिरी आहे ना, तिनं गेल्या आठवड्यात करडू उचलून माझ्या ओटीत ठेवलं आणि म्हणाली, "बाय, माझ्या बकरीचा बोकड याच्याच बरोबरीचा. त्याला पोरा झाली नि हा अजून आईखालीच. मी नाय नेणार आता याला रानात. याच्या आंगाला दिवस लागत नाय." मी नेहमीप्रमाणे तिला अंधश्रद्धेवर दोन शब्द सुनावले. ती गेल्यावर करडू वजनकाट्यावर ठेवलं. मी शिक्षिका आहे, जन्मल्यापासून दर महिन्याला त्याचं वजन वहीत लिहीत आले आहे. मार्च सत्त्याण्णव आणि जून अठ्ठ्याण्णव, वजन तेच आहे. पावशेराचाही फरक नाही.

मग मी ते केलं जे करायची मला भीती वाटत होती. मेघाला शाळेत नेऊन उंचीच्या पट्टीला उभं केलं. पहिलीत नाव घातलं तेव्हाची नोंद रजिस्टरात माझ्याच अक्षरात आहे. धम्मा, एक रेघसुद्धा वर नाही. तिच्या वर्गातल्या मुली आता तिला कडेवर घेतात. पुढचा दात पडला होता, नवा आला, तर तोही दुधाचाच. मी मनाला समजावत होते की काविळीनं वाढ खुंटली असेल. स्वतःलाच फसवत होते.

गावात बोभाटा झाला आहे. मागच्या अमावास्येला कुणीतरी आमच्या गोठ्यापाशी नारळ फोडून गेलं. बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या घरापुढे! मी तो उचलून फेकला, पण रात्री गोठ्याला कुलूप लावलं, हे तुला म्हणून सांगते.

ताकाला जाऊन भांडं का लपवतोस? ही शेळी कुठून आणलीस ते आता तरी खरं सांग. मला राग आलेला नाही, मला भीती वाटते आहे.

रत्नप्रभा

•

वैशाखरे,
३ जुलै १९९८

ताई,

बाजारात धनगर नव्हता. शेळी आमच्या फार्मवरची आहे.

डॉक्टर शेळीच्या पोटात गर्भ असतानाच त्यात दुसऱ्या कुठल्या जनावराचं जनुक घालत होते. जखमा आपोआप भरायला हव्यात आणि तो गुण दुधात उतरायला हवा, म्हणजे त्या दुधापासून औषध करता येईल, असं आमच्या कानावर होतं. पहिल्या वर्षी सगळे खूश होते. कानाला बिल्ला मारला की आठवड्यात भोक बुजून बिल्ला खाली पडायचा, मग पुन्हा नवा मारायचो; तुझ्या शेळीचा मी पाठवताना काढला, तेच ते भोक. डॉक्टर फोटो काढायचे आणि आम्हाला पेढे द्यायचे. नंतर करडं वाढेनात. एक बोकड घसरून दरीत पडला, त्याला वर आणला तर संध्याकाळी उभा. त्या दिवसापासून पेढे बंद झाले.

एक वयस्कर डॉक्टर होते, ते जाता जाता मला म्हणाले, "आम्हाला बरं करायचं होतं, धम्मपाल. हे बरं करत नाही. हे अंगाला एका दिवसापाशी धरून ठेवतं आणि पुढचं सगळं परतवून लावतं." परतवलेलं कुठं जातं असं मी विचारलं. त्यांनी बुटांवरच्या पिशव्या काढल्या आणि गाडीत बसले.

नोव्हेंबर शहाण्णवला हुकूम आला की सगळ्या शेळ्यांना सुई द्या, खड्ड्यात घाला, वरून चुना टाका. मीच ओढून नेत होतो. शेवटची एक उरली, ती गाभण. ताई, तू मला ओळखतेस. आपल्या घरात गाभण जनावराला कुणी काठीसुद्धा लावत नाही. बाबा म्हणायचे, पोटातल्याचा काय गुन्हा? मी कागदावर आकडा पूर्ण लिहिला आणि तिला मागच्या कुंपणातून बाहेर काढली. नुसतं एक जनावर वाचवतोय असं वाटलं होतं. दूध तोंडाला लागेल तेव्हा काय होईल हा विचार माझ्या डोक्यातच आला नाही. खोटं कशाला बोलू, आला होता. पण तुझ्या सासूबाई दिवस मोजत होत्या आणि मेघा काडी झाली होती. मला वाटलं, झाला तर फायदाच होईल.

मुरबाडला व्हिडिओवर मध्यंतरी एक इंग्रजी सिनेमा लागला होता. असेच पांढरे कोटवाले असतात, प्रयोग बिघडतो, काचा फोडून काहीतरी अक्राळविक्राळ बाहेर पडतं आणि माणसं किंचाळत पळतात. आजूबाजूची पोरं शिट्ट्या मारत होती. मी मात्र अर्ध्यातून उठून बाहेर आलो. आमच्याकडचं काचा फोडून नाही गेलं. मी त्याला दोरीनं बांधून, पाणी दाखवून, माझ्या भाचीच्या घरी पाठवलं.

दूध थांबव, ताई. आजच थांबव. मी पाया पडतो.

धम्मा

•

किन्हवली,
९ सप्टेंबर १९९८

धम्मपाल,

तू थांबव म्हणालास. मी थांबवलं. आता काय झालं ते तूही वाच.

आधी सासूबाईंचं बंद करायचं ठरलं. मी आणि तुझ्या दाजींनी त्यांच्यापाशी बसून सगळं खरं सांगितलं. सासूबाई म्हणजे आयुष्यभर भातलावणीला गेलेली बाई, त्यांना जनुक कळलं नाही, पण बाकी सगळं माझ्याआधी कळलेलं होतं. म्हणाल्या, "मी कवाधरना सांगतेय, मना कोन तरी पकडून ठेवलाय. सोडा गो आता." तोंड अर्धंच चालत होतं, तरी हे स्पष्ट बोलल्या.

पहिल्या दिवशी काही नाही. दुसऱ्या दिवशी पाठीवरची पहिली जखम उघडली, जिथं दीड वर्षापूर्वी होती अगदी तिथेच. मग दुसरी. मग मागल्या उन्हाळ्यात खाटेवरून पडल्या होत्या तो मांडीचा काळानिळा डाग वर आला. मग भाजलेलं बोट. बरं झालेलं एकेक दुखणं ओळीनं परत येत होतं, जसं काही दाराबाहेर रांग लावून थांबलं होतं. चौथ्या दिवशी दुपारी सगळं एकदम आलं. मला ते लिहिता येणार नाही. त्यांनी माझा हात धरला होता, आणि माझी बोटं सोडवायला तुझ्या दाजींना यावं लागलं.

परतवलेलं कुठं जातं, असं तू विचारलंस ना? कुठं जात नाही. साठून राहतं.

मेघाचं दूध मी दोनच दिवस बंद ठेवलं होतं. सासूबाईंना माती दिली आणि स्मशानातून हे घरी यायच्या आत पोरीला पेलाभर दूध पाजलं. तिचे दोन दिवस कसे गेले ते विचारू नकोस, तिच्या हाडांत कळा येत होत्या एवढंच सांगते. मी विज्ञान शिकवते. मला आता एवढंच विज्ञान कळतं की दूध दिलं की माझी मुलगी जिवंत राहते. लहान राहील, पण राहील.

तुझं करडू तुला मिळणार नाही. ते मोठं झालं तर दूध आटेल. मी बदलीचा अर्ज केला आहे. कुठं ते तुला कळवणार नाही. पत्र पाठवू नकोस.

रत्नप्रभा

•

वैशाखरे,
१४ एप्रिल २००३

ताई,

आज भीमजयंती. दरवर्षी या दिवशी तुला एक पत्र लिहितो. काळू बाजारांतून फिरतो, तू कुठं आहेस ते त्याला कळतं, तो शाळेच्या पत्त्यावर टाकतो. एकाचंही उत्तर नाही. दाजी गेल्याचं कळलं तेव्हा मी डोळखांबला आलो होतो. तू दार उघडलं नाहीस. मी ओट्यावर बसून परत गेलो.

काळू म्हणाला, रत्नप्रभाताईला दुसरी मुलगी झाली वाटतं, पहिलीत जाते, तोंडावळा अगदी थोरलीचा. थोरली कुठं दिसत नाही, बहुतेक आश्रमशाळेत ठेवली असावी. मी हो म्हणालो. घरी येऊन मात्र जेवण गेलं नाही.

ताई, तेरा वर्षांची झाली असेल ना गं ती? तिला कळत असेल सगळं. तू तिला कधी विचारलंस का, की तिला काय पाहिजे?

मी फार्मच्या मोडक्या शेडांवर अजून वॉचमन आहे. कंपनी गुंडाळली, पण पगार येतो. खड्ड्यावर आता गवत वाढलं आहे. त्याला कुठलंच जनावर तोंड लावत नाही.

धम्मा

•

शेणवा,
५ डिसेंबर २००७

प्रिय धम्मामामा,

जयभीम. अक्षर लहान मुलीचं वाटेल, कारण हात लहान आहे. मी मेघा.

तुमची सगळी पत्रं आईच्या ट्रंकेत आहेत. तिनं फोडलेली आहेत, वाचलेली आहेत, घडीवरून फाटायला आली आहेत. ती शाळेच्या मीटिंगला शहापूरला गेली की मी वाचते. तिची तुम्हाला गेलेली पत्रंसुद्धा मला माहीत आहेत, कारण ती आधी वहीत कच्चं लिहिते. मास्तरीण आहे ना.

शेणव्यात माझं नाव कुणाली आहे. डोळखांबला सरस्वती होतं, ते मला अजिबात आवडलं नव्हतं. दर दोन-तीन वर्षांनी गाव बदलतं, नाव बदलतं आणि मी परत पहिलीत बसते. आतापर्यंत पाच वेळा पहिली झाली. पाढ्यांत माझा हात कुणी धरणार नाही! घरी आईनं दहावीपर्यंतचं सगळं शिकवलं. मन वाढायचं थांबलं नाही, मामा. दुधाला तेवढं जमलं नाही. वर्गात देवकी नावाची मुलगी माझ्या शेजारी बसते, सहा वर्षांची. ती मला तिच्या बाहुलीचं लग्न लावायला बोलावते आणि मी जाते. परत येताना मला इतकं रडू येतं की नळावर जाऊन तोंड धुवावं लागतं. या वर्षी आठवीतल्या मुली साडी नेसून फोटो काढायला उभ्या होत्या. मी त्यांच्या पर्सा सांभाळल्या.

आईवर माझा राग नाही. ती बारा महिने तेरा काळ भीतीत जगते. शाळेत मुलांना सांगते, खोटं बोलू नका, आणि मग माझ्याकडे बघत नाही. तिचे केस सगळे पिकले. हल्ली दूध काढायला खाली बसली की उठताना गोठ्याचा खांब धरते. ती नसेल तेव्हा मी काय करीन? शेळी राहील, करडू राहील, मी राहीन. आम्ही तिघी किती वर्षं राहू? मला मरणापेक्षा याचीच जास्त भीती वाटते.

म्हणून मी परवा सकाळपासून दूध सोडलं आहे. आई पेला हातात देऊन शाळेची पिशवी भरायला आत जाते, तेवढ्यात मी तो करडापुढे ओतते. तुम्ही अडवायला याल म्हणून आधी लिहिलं नाही. आज दोन दिवस झाले. पत्र पोचायला दोन दिवस लागतात, म्हणजे तुम्ही हे शुक्रवारी वाचाल तेव्हा चार झालेले असतील.

आजीचं काय झालं ते मला आठवतं. मी तेव्हा दाराशी उभी होते, कुणाचं लक्ष नव्हतं. पण आजीच्या अंगात दुखणं साठलं होतं. माझ्यात जास्त करून वाढणंच साठलं असेल ना? मी खूप हिशेब केला. नऊ-दहा वेळा ताप, एकदा मोडलेला हात, खरचटणं तर मोजलंच नाही. ते सगळं मी सोसेन. एकच गोष्ट आहे जी आईलासुद्धा माहीत नाही. डोळखांबला असताना मला सरपणात फुरसं चावलं होतं. पाय मांडीपर्यंत सुजला, मी गोठ्यात जाऊन शेळीखाली तोंड लावलं आणि संध्याकाळपर्यंत उतरला. ते पण रांगेत उभं असणार. आधी माझी अकरा वर्षं येतील की आधी फुरसं येईल, ते मला माहीत नाही. चौथ्या दिवशी सगळं एकदम येतं असं आईनं लिहिलंय. मग दवाखाना जवळ असलेला बरा, म्हणून शुक्रवारी सकाळी मी आईला सगळं सांगून शहापूरला जायचं म्हणणार आहे. सापाचं औषध तिथं मिळतं. ती आधी मारेल आणि मग रिक्षा बोलावेल.

ती पेला घेऊन माझ्यामागे लागेल हेही मला माहीत आहे. मी तोंड उघडणार नाही. तेव्हा तिच्याजवळ कुणीतरी पाहिजे. तुम्ही दोघं नऊ वर्षं बोलला नाहीत. तुम्ही तिला सांगा की मला विचारलं होतं आणि मी हो म्हणाले. मला कुणी विचारलं नाही हे खरं आहे, पण तुम्ही तसं सांगा.

काल पायांच्या नळ्यांत कळा येत होत्या. आज सकाळी हातातली काचेची बांगडी निघेना. साबण लावला, तरी निघाली नाही, फोडावी लागली. मी तुकडे चुलीमागे लपवले आणि किती वेळ मनगटाकडे बघत बसले. मामा, मला इतका आनंद आयुष्यात झाला नव्हता.

पत्र हातात पडताच मिळेल त्या एस.टी.ने सरळ शहापूरला सरकारी दवाखान्यात या. येताना मुरबाडच्या बाजारातून माझ्यासाठी एक पंजाबी ड्रेस आणा. रंग कुठलाही चालेल, पण फ्रॉक नको. दुकानदार माप विचारेल तर सतरा वर्षांच्या मुलीला होईल असा द्या म्हणावं. उंचीला आईवर गेले असेन असं धरून चला, आणि बाही जरा सैल असू द्या.

तुमची भाची,
मेघा